डाव्या हाताचा दोष

जेवायला बसलं की आत्या माझा डावा हात बांधायची. जुन्या लुगड्याच्या काठाची एक पट्टी तिनं त्यासाठीच ठेवली होती. हात पाठीमागं घ्यायचा, मनगटाला पट्टी गुंडाळायची आणि दुसरं टोक परकराच्या नाडीत खोचून गाठ मारायची. गाठ घट्ट नसायची. ओढली असती तर सुटली असती, पण मी कधी ओढली नाही. त्या वयात मला खरंच वाटायचं, की हा हात माझा नाही, चुकून मला लागला आहे, आणि तो बांधलेला राहिला तर सगळ्यांचंच बरं होईल.

आमचं गाव अणदूरच्या अलीकडं, हैदराबादहून सोलापूरला जाणाऱ्या सडकेला लागून होतं. राज्य निझामाचं. अप्पांचं, म्हणजे माझ्या वडिलांचं, किराणा-भुसाराचं दुकान पुढच्या खोलीत आणि मागं आम्ही. आम्ही लिंगायत. घरात कानडी-मराठी मिसळून, दुकानात मराठी, आणि कचेरीतून कागद आला तर तो उर्दूत. तिन्ही भाषांत डाव्या हाताबद्दल मत मात्र एकच. आत्या कानडीत म्हणायची, "एडगै ब्याड," डावा हात नको. गिऱ्हाईक म्हणायचं, "त्या हातानं नगं देऊ गं." एकदा मी एका बाईला गुळाचा खडा डाव्या हातानं दिला तर तिनं घेतलाच नाही. अप्पांनी तो माझ्याकडून काढून माझ्या उजव्या हातात ठेवला, मी पुन्हा पुढं केला, तेव्हा तिनं हसून पदरात घेतला.

आत्या अप्पांची थोरली बहीण. लग्न होऊन वर्ष झालं नाही तोच तिचा नवरा पटकीच्या साथीत गेला आणि ती माहेरी आली ती कायमची. ती दुष्ट नव्हती, हे आधीच सांगून ठेवते, कारण पुढं जे सांगणार आहे त्यात ती तशी वाटेल. माझी वेणी तीच घालायची. मला खरूज झाली तेव्हा कडुलिंबाचा पाला उकळून तिनंच मला न्हाऊ घातलं. अव्वाला, माझ्या आईला, दुकानाचं धान्य निवडण्यातून वेळ नसायचा. मला वाढवलं आत्यानं.

आमच्या धर्मात विधवेला अपशकुनी मानत नाहीत, असं मठातले स्वामी सांगायचे. पण गावात राहायचं तर गावाची रीत घरात येतेच. कुणाचं बारसं असो की हळद, आत्या मागच्या खोलीत डाळ निवडत बसायची. तिला तिथं बस म्हणून कुणी सांगितल्याचं मला आठवत नाही. ती आपण होऊनच उठून जायची, आणि बायका ती गेल्यावर सैलावून बोलू लागायच्या.

मी सहा-सात वर्षांची असताना मला भाऊ झाला. अव्वाची आधीची दोन मुलं राहिली नव्हती, म्हणून याचं लई कौतुक. तो गोरा होता आणि त्याच्या डोक्यावर मधोमध जावळाचा एक तुरा उभा राहायचा. अव्वाचं दूध कमी पडायला लागलं तेव्हा त्याला बोंडल्यानं गाईचं दूध पाजायची पाळी माझ्यावर आली. उजव्या हातात बोंडलं धरलं की माझा हात थरथरायचा, दूध त्याच्या गळ्यावरून खाली ओघळायचं आणि तो रडायचा. डाव्या हातानं धरलं की एक थेंब सांडत नसे. मग मी दाराआड बसून डाव्या हातानं पाजायला लागले. तो माझ्याकडं बघत, पाय हलवत प्यायचा. एकदा आत्यानं पाहिलं. ती उंबऱ्यातच थबकली, डोळे वटारले आणि निघून गेली.

त्यानंतर थोड्याच दिवसांत, थंडीत, त्याच्या छातीत कफ दाटला. श्वास घेताना त्याचं पोट आत ओढलं जायचं. लोक त्या आजाराला डबा म्हणत. पोटावर बिब्ब्याचे चटके दिले. सोलापूरला डॉक्टर होते, पण सडकेवरून गाडी मिळेपर्यंत आणि अप्पांचं न्यायचं की नाही हे ठरेपर्यंत सगळं संपलं. तो सकाळी गेला. अव्वा भिंतीला टेकून तोंडावर पदर घेऊन बसली होती. गल्लीतल्या बायका जमल्या. शेजारीण आत्याच्या अगदी समोर बसली होती. कुणीतरी विचारलं, "कालपरवापर्यंत तर ब्येस व्हतं लेकरू. काय झालं?"

आत्या माझ्याकडं वळली आणि म्हणाली, "ह्या डावरीनं डाव्या हातानं पाजलं त्याला. म्या डोळ्यानं बघितलं."

ती ओरडली नाही. साध्या आवाजात म्हणाली, जणू मीठ कुठं ठेवलंय ते सांगावं. सगळ्या बायकांनी माझ्या तोंडाकडं नाही, माझ्या हाताकडं बघितलं. मी तो परकराच्या घडीत लपवला. अव्वानं पदर काढला नाही. पण "असं नगा म्हणू आक्का," असंही ती म्हणाली नाही, आणि मी किती तरी वर्षं त्या न म्हटलेल्या वाक्याची वाट पाहिली.

मी भावाला मारलं, हे मला त्या क्षणी कळलं. वाटलं नाही, कळलं. चूल तापते हे जसं कळतं तसं.

मग माझं बोलणं अडायला लागलं. पहिल्यांदा अडलं ते 'प' वर. पाणी म्हणता येईना, पाजणं तर नाहीच. 'अप्पा' म्हणायला गेलं की ओठ मिटायचे आणि उघडायचेच नाहीत, मान ताठायची. दुकानातली गिऱ्हाइकं नक्कल करून हसायची. मग मी बोलणंच सोडलं. मान हलवायची, बोट दाखवायचं, तेही उजवं. रिकामी असले की डावा हात मांडीखाली दाबून बसायचे, मुंग्या येऊन तो बधिर होईपर्यंत. बधिर झाला की बरं वाटायचं. आत्यानं वेखंड उगाळून माझ्या जिभेला चोळलं. अव्वानं अणदूरच्या खंडोबाला नेलं, पुजाऱ्यानं जिभेवर भंडारा ठेवला. मी देवासमोर उभी राहून मनात एवढंच म्हणत होते, की मला बोलतं करू नकोस. बोलायला लागले तर कुणीतरी विचारेल, आणि मला खरं सांगावं लागेल.

अप्पांनी मला शाळेत घालायचं ठरवलं ते शिकवायला म्हणून नव्हे. "घरी बसून पोर मुकी व्हईल," एवढंच ते म्हणाले. गावात मुलींची सरकारी तहतानिया शाळा होती, म्हणजे चार इयत्तांची. एक मराठीच्या बाई आणि एक उर्दूच्या उस्तानी. मराठीच्या बाई तुळजापूरकडच्या पुजारी घराण्यातल्या, कडक शिस्तीच्या. पहिल्याच दिवशी मी पाटीवर डाव्या हातानं रेघ ओढली तर त्यांनी पाटीच काढून घेतली. "सरस्वतीला डावा हात चालत नाही," त्या म्हणाल्या. मी पाटी परत मागितली नाही. मला ते पटलंच होतं.

उस्तानी चाळिशीच्या आसपास असाव्यात. काळा बुरखा दाराशी खुंटीला टांगायच्या आणि आत आल्या की पानाचा डबा उघडायच्या. त्या लाकडी तख्तीवर बोरूनं लिहायला शिकवत. मी उजव्या हातात बोरू धरून बसले होते आणि अलिफसुद्धा वाकडा येत होता. त्या माझ्या मागं येऊन उभ्या राहिल्या. थोडा वेळ बघितलं. मग म्हणाल्या, "तेरा हात ये नै है."

मी डावा हात मांडीखालून काढला नाही. त्यांनीच वाकून तो बाहेर काढला, बोरू त्यात दिला आणि म्हणाल्या, "लिख."

मी लिहिलं. उर्दू उजवीकडून डावीकडं जाते. बाकीच्या मुलींचा हात ओल्या शाईवरून फिरायचा आणि तख्ती बरबटायची. माझा हात अक्षरांच्या पुढं पुढं सरकत होता आणि मागं अक्षरं स्वच्छ वाळत होती. उस्तानींनी तख्ती उचलून उजेडाला धरली. "देखो, कित्ते साफ हरफां हैं," त्या सगळ्या वर्गाला म्हणाल्या. मग बोरूचं टोक त्यांनी माझ्यासाठी उलट्या तिरक्या कापानं कापून दिलं, डाव्या हाताला बसेल असं. मी त्यांच्याकडं बघत राहिले, तशा त्या म्हणाल्या, "खाना सीधे हात से खाने का. लिखना जिससे आता उससे लिख. समझी?"

"जी," मी म्हणाले.

किती तरी महिन्यांनी माझ्या तोंडून निघालेला तो पहिला शब्द. त्यांना ते ठाऊक नव्हतं. पुढं त्यांच्या वर्गात मी वाचायला लागले, पाठ म्हणायला लागले, आणि उर्दूत मी अडत नव्हते. 'पानी' म्हणता यायचं, 'पाणी' म्हणता यायचं नाही. असं का, याचा मी पुढं पुष्कळ विचार केला. मला एकच कारण दिसतं: त्या भाषेत मला कुणी दोष दिला नव्हता.

पण ते सुखही मला धड घेता आलं नाही. वर्गातून बाहेर पडताना वाटायचं, आपण चोरी करून निघालो आहोत. ज्या हातानं भाऊ मेला त्याच हाताचं कौतुक करून घेतलं. घरी जाऊन मी तो राखेनं घासून धुवायचे.

त्याच सुमारास मला लिंगदीक्षा द्यायचं ठरलं. मठातले स्वामी घरी आले. न्हाऊन, कपाळाला भस्माचे पट्टे ओढून मला पाटावर बसवलं. स्वामी म्हणाले, "हात पुढं कर." मी उजवा केला. ते हसले. "तो न्हवं बाळ. डावा."

लिंगायतांमध्ये इष्टलिंग डाव्या तळहातावर घेतात आणि उजव्यानं पूजा करतात. अप्पा, अव्वा, आत्या रोज सकाळी माझ्यासमोर असेच बसायचे. मी जन्मल्यापासून ते पाहत होते आणि तरीही हे माझ्या ध्यानात कधी आलं नव्हतं. डावा हात मी अर्धाच पुढं केला, तेव्हा स्वामींनी खालून आपला हात लावला. लिंग तळव्यावर आलं, थंड आणि जड. मला वाटलं आता काहीतरी होईल. भाजेल, नाहीतर देवच उठून जाईल. काही झालं नाही. स्वामींनी भस्म, बेल आणि पाणी वाहायला लावलं. मी वर बघितलं तर दाराशी आत्या उभी होती. तिनं माझी नजर चुकवली.

दुसऱ्या दिवशी दुकानात मी अप्पांना विचारलं. अडखळत, मध्ये मध्ये थांबत, पण विचारलं. "देवाला ह्यो हात चालतो. मग दुधाला का न्हाय?"

अप्पा हरभरा मोजत होते. त्यांनी मापटं खाली ठेवलं, माझ्याकडं बघितलं, आणि पुन्हा उचललं. "तसं असतं," ते म्हणाले. त्यांना वाईट वाटलं असावं, कारण त्यांनी मला मूठभर खारका दिल्या. मी मात्र माझ्यापुरतं उत्तर काढलं. देवाला माझा दोष माहीत आहे आणि तरी तो हातावर बसला, म्हणजे तो माझ्यावर पाळत ठेवणार. त्या दिवसापासून मी पूजेच्या वेळी तळवा जरासुद्धा हलवत नसे.

मी डाव्या हातानं लिहिते हे घरी कळलंच. आत्या शाळेत आली. दारातूनच उस्तानींना म्हणाली, "आमच्या पोरीला वंगाळ सवय लावू नगा." उस्तानींनी तिला आत बोलावलं, बसायला दिलं, पान पुढं केलं. आत्या बसली नाही. पान तिनं घेतलं असतं, असं मला वाटतं, पण विधवेनं पान खायचं नसतं. ती आली तशीच घरी परतली. शेवटी अप्पांनी तोडगा काढला, उर्दू डाव्या हातानं लिही आणि मराठी उजव्या. गावात यावर लोक बरेच दिवस हसले. मी तसंच लिहीत राहिले. आजही माझं मराठी अक्षर शाळकरी पोरासारखं आहे आणि उर्दू अक्षर त्या शाळेनंतर कुणी पाहिलंच नाही.

मी तेरा-चौदा वर्षांची झाले तेव्हा दिवस फिरले. रझाकारांची धास्ती वाढली, सडकेवरून भरलेल्या बैलगाड्या सोलापूरकडं जायला लागल्या. सोलापूर इंग्रजांच्या मुलखात होतं आणि आता स्वतंत्र हिंदुस्थानात. अप्पांनी अव्वाला, आत्याला आणि मला तिकडं नातेवाइकांकडं धाडलं आणि स्वतः दुकान राखायला मागं राहिले. निघताना उस्तानींना भेटायचं मनात होतं. त्यांच्या गल्लीपर्यंत गेलेही. पण बायका दारात उभ्या होत्या, त्या दिवसांत कोण कुणाकडं जातं हे लोक बघत होते, आणि मी परत फिरले. 'जी' हा शब्द ज्यांनी मला दिला त्यांना मी साधं 'जाते' म्हणाले नाही.

सोलापुरात एका गिरणीकामगारांच्या चाळीत आम्हाला एक खोली मिळाली. तिथं आत्या तापानं पडली. मुदतीचा ताप होता. एके दुपारी अव्वा नळावर गेली होती आणि आत्यानं पाणी मागितलं. मी तिचं डोकं मांडीवर घेतलं आणि उजव्या हातानं पेला तिच्या तोंडाला लावला. पाणी तिच्या गळ्यावर सांडलं.

"दुसऱ्या हातानं धर," ती म्हणाली.

मला वाटलं ती तापात बरळते आहे. "कोंच्या?"

"डाव्या. त्यो धड हाय तुझा. ह्यो सांडतोय."

मी हात बदलला. ती सगळं पाणी प्यायली. मग डोळे मिटून म्हणाली, "तुझ्या हातानं काय झालं न्हाय, पोरी. म्या उगं बोलले."

मी पेला खाली ठेवला. "मग कशानं गेला त्यो?"

"माझ्यानं."

ती थांबत थांबत बोलत होती, पण बरळत नव्हती. बारशाच्या दिवशी ती मागच्या खोलीत बसली होती. सगळ्या बायका जेवायला बसल्यावर पाळण्यापाशी कुणी नाही, असं बघून ती आत गेली. "निस्तं बघाया गेले. मग ऱ्हावलं न्हाय. उचलला. कपाळाला कपाळ लावलं. त्याचं डोस्कं इतकं ऊन ऊन व्हतं..." मागं वळून बघते तर शेजारीण दारात उभी. ती काही बोलली नाही, पण आत्या समजायचं ते समजली. "त्यो गेला त्या दिशी ती माझ्या म्होरंच बसली व्हती. माझ्याकडंच बघत व्हती. आता ही तोंड उघडणार, असं वाटलं. म्हणून म्या आदी उघडलं."

"आन् माझं नाव घेतलं."

"व्हय. तुझा हात समद्यांना ठावंच व्हता."

मी तिचं डोकं हळूच उशीवर ठेवलं. "आत्या, खरं सांगा. माझ्या हातानं न्हाय?"

"न्हाय."

पुढं जे झालं ते मी पुष्कळांना सांगितलं आहे, पण नेहमी अर्धंच. मी खोलीबाहेर आले, चाळीच्या कठड्याला धरून उभी राहिले आणि रडले, आणि रडता रडता हसू यायला लागलं. खाली कुणाची तरी कोंबडी फिरत होती, पोरं ओरडत होती, आणि माझ्या छातीवरून काहीतरी उतरलं होतं. डावा हात मी उन्हात धरला आणि बोटं उघडून मिटून बघितली. इतकं मी सांगते. ऐकणाऱ्यांना ते आवडतं.

सांगत नाही ते हे, की आत, चटईवर, आत्या माझी वाट बघत होती. तिनं मला मोकळं केलं होतं, आणि एक वाक्य तिला माझ्याकडून हवं होतं. "आत्या, तुमच्यानंही न्हाय." एवढंच. मला ते सुचलं नाही असं म्हणायची सोय नाही. सुचलं होतं. पण तसं म्हटलं तर दोष पुन्हा कुणाचाच राहणार नव्हता, आणि कुणाचाच नसलेला दोष फिरून माझ्याकडं येईल, अशी मला भीती वाटली. तो तिच्याकडं होता तेच मला बरं होतं. मी आत गेले, तिच्या कपाळावरची पट्टी बदलली आणि गप्प राहिले.

आत्या त्या तापातून उठली. पोलीस ॲक्शन झाली, निझामाचं राज्य गेलं, आम्ही गावी परतलो. शाळेत आता सगळं मराठीत होतं आणि सातवीपर्यंतचे वर्ग निघाले होते. उस्तानींच्या घराला कुलूप होतं. कुणी म्हणालं त्या हैदराबादला गेल्या, कुणी काही वेगळंच म्हणालं. मी दोन जणांना विचारलं आणि मग विचारायचं थांबवलं.

माझं अडखळणं एका दिवसात गेलं नाही, पण कमी होत गेलं. सातवी झाल्यावर अप्पांनी मला जिल्ह्याच्या गावी शिक्षिकेच्या शिक्षणाला पाठवलं, तोपर्यंत 'प' सुटला होता. तिथं एका पुस्तकात लहान मुलांच्या आजारांवर धडा होता. छातीचा जंतू, श्वास घेताना आत ओढली जाणारी बरगडी, सगळं तसंच्या तसं. मी ते वाचलं आणि सुटीत घरी आल्यावर पहिलं काम केलं ते आत्याला सांगायचं. ती अंगणात शेवया वळत होती. मी तिच्याशेजारी बसून नीट, समजावून सांगितलं. जंतू म्हणजे काय, छातीत कसा जातो, कुणाच्या हातानं किंवा कपाळानं काही होत नाही.

तिनं सगळं ऐकून घेतलं. शेवई वाळत टाकत म्हणाली, "तू शिकलीस, तुझं सुटलं. चांगलं झालं."

"पण तुमचंही तसंच हाय, आत्या. खरं तेच सांगतीय मी."

"व्हय, खरं असंल की." ती हसली. "पर मला लई उशिरा सांगितलंस बघ. आता त्ये आत जात न्हाय."

लई उशिरा म्हणजे किती, हे आम्हा दोघींनाही माहीत होतं. सोलापूरच्या त्या दुपारी तिच्या मनाला एक फट पडली होती. त्या वेळी पुस्तक लागत नव्हतं. मी म्हटलं असतं तर तिनं मानलं असतं.

अव्वानं त्या मरणाचा काय अर्थ लावला होता, हे मी तिला कधी विचारलं नाही. तिचाही काहीतरी असणार. ती आयुष्यभर थंडीच्या दिवसांत कुणाच्या बारशाला गेली नाही.

मला शाळेत नोकरी लागली, लग्न झालं आणि पहिला मुलगा माहेरी झाला. बारशाला मी हट्ट धरला, की बाळाला पाळण्यात आत्याच घालेल. बायकांनी एकमेकींकडं बघितलं. मी मास्तरीण होते, त्यामुळं तोंडावर कुणी नको म्हणालं नाही. मी मागच्या खोलीत गेले. आत्या डाळ घेऊन बसली होती.

"उठा आत्या. चला."

"येडी का काय तू?"

"त्याला काही होत न्हाय. मी मानत न्हाय असलं."

तिनं माझ्याकडं बघितलं, आणि तिनं काय पाहिलं ते तिलाच ठाऊक. दोन्ही हात पाठीमागं घेतले आणि म्हणाली, "न्हाय बाई. जा तू. लोक ताटकळल्यात."

मी आणखी आग्रह केला नाही. बाहेर आले आणि बाळाला अव्वाच्या हातात दिलं. आणि खरं सांगते, त्या क्षणी मला हायसं वाटलं. इतकं शिकून, वर्गात पोरांना जंतू शिकवून, आत्या नको म्हणाली म्हणून मला हायसं वाटलं. गाणी म्हणताना बायकांचा आवाज चढत गेला आणि मी मागच्या खोलीच्या दाराकडं बघायचं टाळलं.

मुलगा रांगायला लागल्यावर मी सुटीत माहेरी आले, की तो आपला आपणच तिच्याकडं जायचा. त्याला कोण रोखणार? ती आधी घाबरून मागं सरकायची. मग एके दिवशी मी स्वयंपाकघरातून पाहिलं, तो तिच्या मांडीवर चढला होता आणि तिनं त्याला घट्ट धरलं होतं. तिचे डोळे मिटलेले होते. मी पुढं गेले नाही. तिला तेवढं तरी मिळू दे, असं मी स्वतःला सांगितलं आणि मला स्वतःबद्दल बरं वाटलं.

चार दिवसांनी मुलाला सर्दी झाली, साधी, नाक वाहण्यापुरती. मी त्याचं नाक पुसलं, छातीला कान लावला, श्वास ठीक होता. सगळं पुस्तकातल्यासारखं तपासलं. पण त्याला उचलून घेताना माझ्या मनात पहिली जी गोष्ट आली ती पुस्तकातली नव्हती. आत्या दाराशी उभी होती. "काय झालं लेकराला?" तिनं विचारलं, आणि तिचा चेहरा पांढरा पडला होता.

"काय न्हाय, हवा बदलली," मी म्हणाले. पण म्हणायला मला जरा वेळ लागला, आणि तो वेळ तिनं ओळखला. त्यानंतर ती त्याला जवळ घेताना मला दिसली नाही.